बटाट्याचे नाव आणि गाव

इतिहास शोधावयाचा तो दप्तरांत, ताम्रपटांत आणि किल्ल्यांच्या तटांत, अशी सुशिक्षितांची समजूत असते, आणि ती खोटी नाही. तथापि जे कोणी दप्तरी नोंदविले नाही, असेही पुष्कळ काही घराघरांतील चुलींपाशी टिकून राहिलेले असते. वसईस हिंदूच्या घरी काय अथवा ख्रिस्ती कुटुंबात काय, होणारी बटाट्याची साधी भाजी आम्ही येथे उदाहरणादाखल घेतो.

कृती वाचकांस ठाऊकच आहे. लोखंडी कढईत तेल तापवून मोहरी, हिंग, हळद व हिरव्या मिरचीचे तुकडे यांची फोडणी करावयाची; तीत बटाट्याच्या पातळ काचऱ्या परतून, झाकणात पाणी ठेवून मंद विस्तवावर वाफ आणावयाची. बटाटा अर्धाकच्चा असतानाच वाडीतले कोवळे वांगे किंवा चिरलेला कोबी घालावयाचा, आणि उतरताना खोबरे व कोथिंबीर. यात हळद व वांगे आपल्या देशचे, हिंग इराण-अफगाणिस्तानकडचा, कोबी युरोपातला, आणि मिरची व बटाटा अमेरिकेतले. चालुक्य राजा सोमेश्वर याच्या बाराव्या शतकातील ‘मानसोल्लास’ ग्रंथात राजाच्या पाकशाळेचे विस्तृत वर्णन आहे. पण त्यात ना बटाटा, ना मिरची. तिखटपणाचे काम तेव्हा मिरी करीत असे, आणि कोकणात कंद म्हणजे सुरण, अळकुडी, कोनफळ.

बटाट्याचे मूळ गाव दक्षिण अमेरिकेतील अँडीज पर्वतात, टिटिकाका सरोवराच्या आसपास. तेथील लोक हजारो वर्षे तो लावीत आले; त्यांच्या भाषेत त्याचे नाव ‘पापा’. ‘बटाटा’ हा शब्द मात्र या कंदाचा नव्हेच. तो कॅरिबियन बेटांतील आदिवासींचा, आणि त्यांच्या बोलीत त्याचा अर्थ रताळे. कोलंबसाच्या १४९२ च्या सफरीनंतर रताळे प्रथम युरोपात गेले. खरा बटाटा सोळाव्या शतकाच्या उत्तरार्धात मागाहून आला, आणि रूपसाम्यामुळे आधी आलेल्याचे नाव नंतर आलेल्यास चिकटले. पोर्तुगीजांनी हेच नाव उचलले.

१५३४ मध्ये गुजरातचा सुलतान बहादुरशहा याने तहाने वसई पोर्तुगीजांच्या स्वाधीन केली. पुढील दोनशे पाच वर्षांच्या त्यांच्या अमलाच्या कटू आठवणी येथे उगाळण्याचे प्रयोजन नाही. पण याच अमलात पाव, परात, कोबी, पगार, चावी, घमेले असे शब्द पश्चिम किनाऱ्यावर उतरले. ‘बटाटा’ही त्यांतलाच. उत्तरेत ‘आलू’ हा संस्कृतातील जुन्या कंदाचा शब्द नव्या कंदास दिला गेला. मराठी, गुजराती व कोंकणी बोलणाऱ्यांनी मात्र पोर्तुगीज नाव ठेविले. मौज अशी की, जे रताळे या नावाचे खरे धनी, त्यास आपण संस्कृत ‘रक्तालु’पासून आलेले नाव दिले. दोन्ही कंद परदेशचेच. पण एकास घरचे नाव मिळाले आणि दुसऱ्यास परक्याचे, तेही पहिल्याचे! तेव्हा नावावरून कोणाचे कूळ ठरवू जाणारांनी सावध असावे, हे बरे.

नाव वसईच्या बंदरातून आले, तरी पीक किनाऱ्यावर रुजले नाही. बटाट्याचा कंद धरण्यास थंड रात्री लागतात. कोकणच्या दमट उष्ण हवेत पाला माजतो, कंद भरत नाही. त्याची लागवड पसरली ती इंग्रजी अमलात, घाटमाथ्यावर. महाबळेश्वरच्या तुरुंगातील चिनी बंदिवान एकोणिसाव्या शतकात भाजीपाल्याबरोबर बटाटेही पिकवीत. पुढे पुणे जिल्ह्यातील खेड, मंचर हा टापू बटाट्यासाठी प्रसिद्ध झाला. पीक पसरले इंग्रजांच्या काळात. पण नाव राहिले पोर्तुगीजांचे.

१७३९ च्या मे महिन्यात चिमाजी आप्पांच्या सैन्याने, अतोनात मनुष्यहानी सोसून, वसई घेतली. या मोहिमेत मिळालेल्या चर्चच्या घंटा मराठ्यांनी घाटावर नेल्या; मेणवलीस व भीमाशंकरास त्या आजही देवापुढे टांगलेल्या आहेत. भीमाशंकर ज्या खेड-आंबेगावच्या मुलखात, तोच हा बटाट्याचा टापू. घंटा जिंकून न्याव्या लागल्या. शब्द कोणी न जिंकता, कोणी न लादता वर चढला. वसई घेतल्यावर पोर्तुगीजांची सत्ता येथून गेली. पण म्हणून कोणा गृहिणीने भाजीचे नाव बदलल्याचे ऐकिवात नाही.

याहून नवल उपवासाचे. एकादशीस कांदालसूण वर्ज्य. पण बटाटा, रताळे, शेंगदाणे, हिरवी मिरची, साबुदाणा आणि राजगिरा चालतो, आणि या साऱ्यांचे मूळ अमेरिकेत! आमचे अनुमान असे की, जुन्या निषेधांच्या याद्या झाल्या तेव्हा हे पदार्थ येथे नव्हतेच, म्हणून त्यांस कोणी अडविले नाही. मग सवयीने त्यांना पावित्र्यही आले. जी वस्तू तीनशे वर्षांपूर्वी आपल्या घरी नव्हती, ती आज व्रताच्या ताटात मानाने बसते.

पालघर जिल्हा २०१४ मध्ये निराळा झाला; वसई-विरारच्या वाड्यांवर इमारती चढत आहेत, आणि येथे स्थायिक होणारी कुटुंबे देशाच्या कानाकोपऱ्यांतून येतात. त्यांच्या भाषेविषयी, अन्नाविषयी ‘आपले’ आणि ‘परके’ असा वाद ऐकू येतो, तेव्हा वाद करणाराने आपल्या कढईत एकवार डोकावावे. परके काय ते वेगळे काढू गेल्यास तीत हळद, मोहरी, वांगे आणि खोबरे तेवढे उरेल. पदार्थ वाईट होईल असे नाही. पण ती बटाट्याची भाजी मात्र खास नव्हे.