इंद्रगोप

इंद्रगोप हे पावसाळ्याच्या आरंभी जमिनीवर दिसणाऱ्या, मखमलीसारख्या लाल रंगाच्या एका लहान जीवाचे संस्कृत नाव आहे. मराठीत याच जीवाला मृगाचा किडा किंवा मखमली किडा असे म्हणतात. वऱ्हाडात, म्हणजे बुलढाणा, अकोला, अमरावती या भागांत, मृग नक्षत्राचा उच्चार ‘मिरग’ असा होत असल्याने ‘मिरगाचा किडा’ हे रूप बोलण्यात आहे. इंद्रगोप हा शब्द आजच्या मराठीत क्वचितच आढळतो. त्याचा उल्लेख उपनिषदे, रामायण, आयुर्वेदाच्या संहिता, पाली व प्राकृत ग्रंथ आणि कालिदासाचे नाटक अशा दूरदूरच्या ठिकाणी येतो. आधुनिक कोशांत या शब्दाचे काही काळ चुकीचे अर्थ दिले गेले. त्यामुळे ‘इंद्रगोप म्हणजे नेमका कोणता जीव’ हा प्रश्न भारतविद्येच्या अभ्यासकांना स्वतंत्रपणे हाताळावा लागला.

व्युत्पत्ती

इंद्रगोप हा ‘इंद्र’ आणि ‘गोप’ या दोन पदांचा समास आहे. ‘गोप’ या पदाचा मूळ अर्थ गुराखी आणि त्यावरून रक्षक असा होतो. समासाचा विग्रह दोन प्रकारे करता येतो. तत्पुरुष मानल्यास ‘इंद्राचा गुराखी’ असा अर्थ निघतो. बहुव्रीही मानल्यास ‘इंद्र ज्याचा रक्षक आहे तो’ असा अर्थ होतो. दोन्ही विग्रहांत इंद्र हा पर्जन्याचा देव म्हणून येतो. पाऊस पडताच हा जीव जमिनीतून वर येतो आणि जमीन सुकू लागली की दिसेनासा होतो. म्हणून पर्जन्यदेवाशी त्याचे नाव जोडले गेले. ‘इंद्रगोपक’ हे रूपही संस्कृतात आढळते. पालीत ‘इंदगोपक’ आणि जैन आगमांच्या प्राकृतात ‘इंदगोवग’ अशी रूपे आहेत.

विविध भाषांतील नावे

भारतीय भाषांतील या जीवाची नावे पाहता नामकरणाच्या तीन कल्पना दिसतात.

पहिली कल्पना देवतेची. संस्कृत, पाली आणि प्राकृत नावे या गटात येतात.

दुसरी कल्पना वधूची. हिंदी व उर्दूत ‘बीरबहूटी’ हे नाव असून त्यातील ‘बहूटी’ म्हणजे वधू. ओडिया भाषेत ‘साधब बोहू’, म्हणजे व्यापाऱ्याची सून, असे म्हणतात. लाल शालूतील नववधूचे रूप या नावांमागे आहे.

तिसरी कल्पना नक्षत्राची. मराठीतील ‘मृगाचा किडा’ आणि तेलुगूतील ‘आरुद्र पुरुगु’, म्हणजे आर्द्रेचा किडा, ही नावे या गटातील आहेत. मृग आणि आर्द्रा ही लगतची पर्जन्यनक्षत्रे होत. सूर्य मृग नक्षत्रात ७ किंवा ८ जूनच्या सुमारास आणि आर्द्रा नक्षत्रात २१ किंवा २२ जूनच्या सुमारास प्रवेश करतो. शेजारच्या दोन भाषांनी एकाच जीवाला शेजारच्या दोन नक्षत्रांची नावे दिली आहेत.

वर्णन आणि वर्गीकरण

मराठीत ‘किडा’ हा शब्द लहान सरपटणाऱ्या किंवा चालणाऱ्या जीवांसाठी सैलपणे वापरला जातो. प्राणिशास्त्राच्या दृष्टीने मात्र इंद्रगोप हा कीटक नाही. कीटकांना सहा पाय असतात, तर पूर्ण वाढलेल्या इंद्रगोपाला आठ पाय असतात. कोळी, विंचू आणि गोचीड ज्या ॲरॅक्निडा वर्गात येतात, त्याच वर्गातील माइट या समूहात आणि त्यातील ट्राँबिडिइडी या कुलात त्याचा समावेश होतो. भारतात आढळणाऱ्या मोठ्या जातीचे नाव ट्राँबिडियम ग्रँडिसिमम असे दिले जाते. बहुतेक माइट डोळ्यांना जेमतेम दिसतात. ही जात मात्र एक सेंटीमीटर किंवा त्याहून अधिक लांब असते. अंगावरील दाट, आखूड केसांमुळे स्पर्श मखमलीसारखा लागतो. बोट लावताच हा जीव पाय आवळून काही काळ निश्चल पडून राहतो.

कृषी साहित्यात ‘लाल कोळी’ म्हणून ज्याचा उल्लेख येतो तो वेगळा जीव आहे. लाल कोळी हा पानांच्या मागील बाजूस राहून रस शोषणारा अतिसूक्ष्म माइट असून तो पिकांवरील कीड आहे. इंद्रगोप वनस्पतींचा रस शोषत नाही आणि माणसाला चावतही नाही.

जीवनक्रम

इंद्रगोपाच्या आयुष्याचा बहुतेक काळ जमिनीखाली जातो. पहिल्या चांगल्या सरींनी जमिनीचा वरचा थर भिजला की प्रौढ जीव वर येतात. भक्ष्य शोधणे आणि प्रजनन ही त्यामागची कारणे आहेत. याच काळात वाळवीचे पंख असलेले प्रौढ, लहान कीटक आणि कीटकांची अंडी त्यांना खाद्य म्हणून मिळतात. पुढे मादी मातीत अंडी घालते. अंड्यांतून निघालेल्या पिलांना सहाच पाय असतात. ही पिले नाकतोड्यांसारख्या कीटकांच्या अंगाला चिकटून त्यांच्यावर जगतात. पुढील अवस्थांत आठ पाय येतात आणि जीव स्वतंत्रपणे शिकार करू लागतो. भडक लाल रंग हा भक्षकांना दिलेला इशारा मानला जातो, कारण हा जीव बेचव असल्याने पक्षी व इतर प्राणी त्याला सहसा टाळतात.

प्राचीन साहित्यातील उल्लेख

बृहदारण्यक उपनिषदाच्या दुसऱ्या अध्यायात पुरुषाचे रूप सांगताना हळदीने रंगवलेले वस्त्र, पांढरी लोकर, अग्नीची ज्वाला, पांढरे कमळ आणि विजेचा लखलखाट यांच्या मालिकेत इंद्रगोपाची उपमा येते. येथे केवळ त्याची झळाळी अभिप्रेत आहे. ऋतूचा निर्देश नाही.

वाल्मीकि रामायणाच्या किष्किंधाकांडातील वर्षावर्णनात कोवळ्या हिरवळीत मधूनमधून दिसणाऱ्या लहान इंद्रगोपांमुळे चित्रविचित्र झालेल्या भूमीचे वर्णन आहे. कालिदासाच्या ‘विक्रमोर्वशीय’ नाटकाच्या चौथ्या अंकात उर्वशीच्या विरहाने भ्रमिष्ट झालेल्या पुरूरव्याला समोर तिचे हिरवे वस्त्र पडलेले भासते. जवळ गेल्यावर ती इंद्रगोपांसह उगवलेली नवी हिरवळ असल्याचे त्याला कळते.

पालीतील ‘थेरगाथा’ या ग्रंथात पावसाळ्यात इंदगोपकांनी आच्छादलेल्या पर्वतशिलांचे वर्णन असून असे पर्वत भिक्षूच्या मनाला रमवतात असे म्हटले आहे. जैनांच्या ‘उत्तराध्ययन’ सूत्रात जीवांचे इंद्रियांच्या संख्येनुसार वर्गीकरण करताना इंदगोवगाची गणना मुंग्यांप्रमाणे तीन इंद्रियांच्या जीवांत केली आहे.

आयुर्वेदात या शब्दाचा वापर व्यवहाराच्या गरजेतून झाला आहे. चरकसंहिता आणि सुश्रुतसंहिता या दोन्ही ग्रंथांत निरोगी माणसाच्या शुद्ध रक्ताचा रंग इंद्रगोपासारखा असतो असे सांगितले आहे. चरकसंहितेत त्याच्या जोडीला तापवलेले सोने, लाल कमळ, अळिता आणि गुंज यांचे दाखले दिले आहेत. वैद्याने हा जीव प्रत्यक्ष पाहिलेला असेल हे या उपमेत गृहीत धरलेले आहे.

अर्थाविषयीचा गोंधळ

युरोपात तयार झालेल्या संस्कृत कोशांनी इंद्रगोपाचा अर्थ रंगावरून लावला. मोनियर-विल्यम्स यांच्या कोशात त्याचे कोचिनील किडा आणि काजवा असे दोन अर्थ दिले आहेत. अनेक भाषांतरांत हेच अर्थ उतरले.

कोचिनील हा किडा मूळचा अमेरिका खंडातील असून तो निवडुंगाच्या काही जातींवर वाढतो. त्याच्यापासून किरमिजी रंग मिळतो. भारतात तो १८व्या शतकाच्या अखेरीस ईस्ट इंडिया कंपनीच्या काळात आणला गेला. उपनिषदे, रामायण किंवा कालिदासाच्या काळी तो येथे असणे शक्य नाही. लाखेचा किडा भारतीय असला तरी तो पळस, बोर, कुसुम अशा झाडांच्या फांद्यांना चिकटून राहतो. तो हिरवळीवर हिंडताना दिसत नाही. काजवा रात्री चमकतो आणि त्याचा प्रकाश पिवळसर हिरवा असतो. हिरव्या गवतावरील लाल ठिपक्यांची किंवा रक्ताची उपमा त्याला लागू पडत नाही.

कोशातील अर्थ बाजूला ठेवून साहित्यातील वापर एकत्र पाहिला, तर चार खुणा हाती लागतात: रंग गडद लाल आहे, काळ पावसाळ्याचा आहे, स्थान जमीन, शिळा किंवा नवे गवत हे आहे आणि हा जीव एकटादुकटा न दिसता मोठ्या संख्येने दिसतो. या चारही खुणा मखमली माइटशी जुळतात. झीगफ्रीड लीनहार्ड या भारतविद्येच्या अभ्यासकाने १९७८ मध्ये इंद्रगोप शब्दाचा अर्थ आणि वापर यांवर स्वतंत्र लेख प्रसिद्ध केला. इंद्रगोप म्हणजे लाल मखमली माइट ही ओळख आता सामान्यतः स्वीकारली जाते.

लोकभाषांनी हा ऋतुसंबंध कधीच सोडला नव्हता. ‘मृगाचा किडा’ हे मराठी नाव रंगाविषयी काहीच सांगत नाही. ते केवळ काळ सांगते, आणि कोशांच्या अर्थातून नेमकी हीच माहिती गळाली होती.

बुलढाणा जिल्ह्यातील संदर्भ

बुलढाणा जिल्ह्याची शेती मुख्यतः पावसावर अवलंबून आहे. अजिंठ्याच्या डोंगररांगेमुळे जिल्ह्याचे घाटावरचा आणि घाटाखालचा असे दोन भाग पडतात. चिखली, मेहकर, लोणार हे तालुके घाटावर, तर मलकापूर, नांदुरा, जळगाव जामोद हे पूर्णा नदीच्या खोऱ्यातील तालुके घाटाखाली मोडतात. खरिपात सोयाबीन, कापूस, तूर, मूग, उडीद व मका ही पिके घेतली जातात. त्यांच्या पेरणीचा काळ मृग आणि आर्द्रा या नक्षत्रांवरूनच सांगण्याची रीत आहे.

पावसाचा अंदाज घेण्याची परंपरा या जिल्ह्यात विशेष जपलेली आहे. जळगाव जामोद तालुक्यातील भेंडवळ येथे अक्षय्य तृतीयेला होणारी घटमांडणी प्रसिद्ध आहे. शेतात घट मांडून त्याभोवती धान्ये ठेवली जातात आणि दुसऱ्या दिवशी पहाटे त्यांतील बदलांवरून पीकपाण्याचे भाकीत सांगितले जाते. घटमांडणीत पाऊस येण्याच्या कितीतरी आधी भाकीत केले जाते. मिरगाचा किडा मात्र पाऊस पडून गेल्यानंतरच दिसतो. तो भाकीत करत नाही, झालेल्या पावसाची साक्ष देतो.

पेरणीच्या दृष्टीने हा भेद महत्त्वाचा आहे. किडे दिसणे म्हणजे जमिनीचा वरचा थर ओला झाला एवढेच त्यावरून सिद्ध होते. काळ्या कसदार जमिनीत बियाणे रुजून तग धरण्यासाठी ओल खोलवर जावी लागते. म्हणूनच सुमारे ७५ ते १०० मिलिमीटर पाऊस झाल्याशिवाय पेरणी करू नये असा सल्ला कृषी विभाग आणि कृषी विद्यापीठे देतात. पहिल्या सरींनंतर पावसाने ओढ दिल्यास उगवलेले अंकुर करपतात आणि दुबार पेरणीची वेळ येते. बियाणे, खत आणि मजुरी यांचा खर्च दुसऱ्यांदा करावा लागणे हे कोरडवाहू शेतकऱ्याच्या कर्जाचे एक कारण ठरते.

नाव आणि तारीख यांचा संबंधही कायमचा नाही. अयनचलनामुळे सूर्याचा नक्षत्रप्रवेश सुमारे ७२ वर्षांत एक दिवस याप्रमाणे पुढे सरकतो. किड्याचे बाहेर येणे मात्र पंचांगावर नव्हे, जमिनीच्या ओलाव्यावर ठरते. पाऊस लांबल्यास मिरगाचा किडा आर्द्रा नक्षत्रातही दिसतो. त्याचे नाव मात्र तेच राहते.

औषधी वापर आणि व्यापार

युनानी आणि लोकवैद्यकात ‘बीरबहूटी’ या नावाने वाळवलेले किडे व त्यांचे तेल विकले जाते. पक्षाघात आणि लैंगिक दुर्बलता यांवर ते गुणकारी असल्याचे सांगितले जाते. मध्य भारतात पावसाळ्याच्या आरंभी हे किडे वेचून व्यापाऱ्यांना विकण्याची पद्धत आहे.

संवर्धन

इंद्रगोपाचे प्रौढ वर्षातील थोडेच दिवस जमिनीवर असतात आणि हेच दिवस प्रजननाचे असतात. व्यापारासाठी वेचणी याच दिवसांत होत असल्याने अंडी घालण्यापूर्वीच प्रौढ नाहीसे होतात. त्यांचे खाद्य असलेले कीटक आणि पिलांना आधार देणारे नाकतोडे हेही त्याच शेतात व बांधावर असतात. त्यामुळे सरसकट कीटकनाशके वापरल्यास त्याचा फटका या जीवालाही बसू शकतो. न नांगरलेले बांध, गायरान आणि झुडपी जंगल या जागा त्याला आसरा देतात. मातीतील लहान कीटक व त्यांची अंडी खाणारा शिकारी म्हणून तो शेतीला उपद्रवी नाही. त्याला ‘लाल कोळी’ समजून मारणे हा केवळ नावातील साम्यामुळे होणारा गैरसमज आहे.