बुटीबोरीच्या पगारचिठ्ठीतील एक ओळ आणि स्वीडनने धरलेली दुसरी वाट

१/ नागपूरहून वर्धा मार्गाने दक्षिणेकडे निघाले की बुटीबोरीची औद्योगिक वसाहत लागते. तेथील एखाद्या कामगाराचे मासिक वेतन १६,००० रुपये असेल, तर त्याच्या पगारचिठ्ठीत ‘ईएसआय’ या नावापुढे १२० रुपयांची कपात दिसते. त्याच नावाने मालक ५२० रुपयांची भर घालतो. पगारचिठ्ठीतील ही ओळ आली कोठून? तिचा इतिहास नागपुरातून जातो, मुंबईतून जातो, आणि वाटेत त्याला स्वीडनही भेटते.

२/ प्रथम दोन तारखा लक्षात ठेवूया. राज्य कामगार विमा योजना आजच्या महाराष्ट्राच्या भूमीवर सर्वप्रथम लागू झाली ती जुलै १९५४ मध्ये, नागपुरात. नागपूर तेव्हा मध्य प्रदेशाची राजधानी होते. त्यानंतर सहाच महिन्यांनी, १ जानेवारी १९५५ रोजी, स्वीडनमध्ये सक्तीचा सार्वत्रिक आरोग्य विमा सुरू झाला. काळ जवळपास एकच. परंतु दोन्ही योजनांचे दरवाजे निराळे होते. नागपूरच्या दारावर प्रश्न होता, ‘तू कोणत्या कारखान्यात आहेस?’ स्वीडनच्या दारावर प्रश्न होता, ‘तू येथे राहतोस का?’

३/ नागपुरात कामगार-कल्याणाची सुरुवात मालकाच्या इच्छेने झाली. जमशेटजी टाटांच्या एम्प्रेस मिलचा प्रारंभ १ जानेवारी १८७७ रोजी झाला. पुढे तेथे १८८६ मध्ये निवृत्तिवेतन निधी, १८९५ मध्ये अपघाताची भरपाई आणि १९०१ मध्ये भविष्य निर्वाह निधी आला. त्या काळी कायद्याने यांपैकी काहीही बंधनकारक नव्हते. हे मोठेपण निःसंशय होते. मात्र मालकाच्या मनावर अवलंबून असलेली सोय ही सवलत असते. तिला हक्क म्हणता येत नाही.

४/ हक्काची पहिली चौकट युरोपात उभी राहिली. १८८३ मध्ये बिस्मार्कच्या जर्मनीने औद्योगिक कामगारांसाठी सक्तीचा आजारपण विमा आणला. कामगार आणि मालक या दोघांनी हप्ता भरायचा, लाभ हप्ता भरणाऱ्याला. १९१३ मध्ये स्वीडनने वेगळी वाट धरली. त्याच्या निवृत्तिवेतन कायद्यात केवळ कामगार नव्हे, तर जवळजवळ सगळी प्रजा सामावली गेली. रक्कम तुटपुंजी होती, स्त्रियांना तर पुरुषांहून कमी मिळे. पण तत्त्व नवे होते.

५/ स्वीडनने असे का केले? तेथील माणसे अधिक उदार होती म्हणून नव्हे. तो देश तेव्हा बव्हंशी शेतकऱ्यांचा होता. लहान शेतकऱ्याला ना मालक, ना पगारचिठ्ठी. केवळ कारखान्यातील मजुरांसाठी विमा काढला असता, तर कराचा भार शेतकऱ्यावरही पडला असता आणि लाभ मात्र शहराला मिळाला असता. संसदेत शेतकऱ्यांचे वजन मोठे होते. ‘सर्वांसाठी’ हे तत्त्व असे रोखठोक हिशेबातून जन्मले.

६/ या हिशेबाला वैचारिक पाया देणाऱ्यांत क्नुट विक्सेल हा अर्थशास्त्रज्ञ होता. राज्याने कोणताही खर्च ठरवताना त्याचा कर कोण भरणार, हेही त्याच निर्णयात ठरवले पाहिजे, असे त्याने १८९६ मध्ये मांडले. कल्याण म्हणजे राजाने उधळलेली मोहर नव्हे. ते नागरिकांनी आपापसांत केलेले वर्गणीचे ठरावपत्र आहे. असा हा परखड मनुष्य, धर्मनिंदेच्या आरोपावरून १९१० मध्ये दोन महिने तुरुंगातही राहून आला!

७/ आता मुंबईकडे वळू. १९२८ मध्ये मुंबई विधिमंडळात गिरणीतील स्त्रियांच्या प्रसूतिलाभाचे विधेयक चर्चेस आले. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी त्यास पाठिंबा दिला. मातेला विश्रांती मिळणे हे राष्ट्राच्या हिताचे आहे, आणि म्हणूनच या खर्चाचा मोठा वाटा सरकारने उचलणे योग्य ठरेल, असे त्यांचे प्रतिपादन होते. त्यानंतर सहा वर्षांनी, १९३४ मध्ये, आल्वा आणि गुन्नार मिर्डाल या दांपत्याने स्वीडनमध्ये एक ग्रंथ लिहिला. मुलांच्या संगोपनाचा भार एकट्या कुटुंबावर न टाकता समाजाने वाटून घ्यावा, हा त्याचा गाभा होता.

८/ दोन्ही ठिकाणचा विचार एकाच जातीचा होता, पण त्याचे फळ सारखे नव्हते. १९२९ च्या मुंबई कायद्याने प्रसूतिलाभ दिला खरा, मात्र त्याचा सगळा भार मालकावर ठेवला. १९३० मध्ये मध्य प्रांतातही, म्हणजे नागपूरला लागू होणारा, असा कायदा झाला. या रचनेत एक खोच होती. खर्च एकट्या मालकाचा असेल, तर स्त्रीला कामावर ठेवणेच त्याला महाग वाटू लागते. हक्काची किंमत कोण भरतो, यावर तो हक्क टिकतो की नाही, हे ठरते.

९/ याच सुमारास नागपूरने कामगार चळवळीतील एक मोठी फूट पाहिली. १९२९ च्या अखेरीस अखिल भारतीय ट्रेड युनियन काँग्रेसचे अधिवेशन नागपुरात भरले. अध्यक्ष होते जवाहरलाल नेहरू. वादाचा एक प्रमुख विषय होता ब्रिटिश सरकारने नेमलेल्या व्हिटली आयोगावरील बहिष्कार. ना. म. जोशी त्या आयोगाचे सदस्य होते. बहिष्काराचा ठराव झाला आणि जोशी व त्यांचे सहकारी बाहेर पडले. सत्तेच्या मेजावर बसायचे की बाहेर राहून लढायचे, या प्रश्नावर संघटना दुभंगली.

१०/ स्वीडनमध्ये तरी सारे सुरळीत होते काय? मुळीच नाही. मे १९३१ मध्ये ओडालेन भागात संपकऱ्यांच्या मोर्चावर लष्कराने गोळीबार केला. त्यात पाच जणांचा बळी गेला. स्वीडनचा सामाजिक समेट हा जन्मजात स्वभाव नव्हता. तो रक्त सांडल्यानंतर आलेला शहाणपणा होता.

११/ १९३२ मध्ये तेथे सोशल डेमोक्रॅटिक पक्ष सत्तेवर आला. अर्थमंत्री एर्न्स्ट विगफोर्स यांचे म्हणणे असे, की मंदीत सरकारने हात आखडता घेऊ नये. कर्ज काढून कामे काढावीत आणि बेकाराला दान न देता प्रचलित दराने मजुरी द्यावी. १९३३ मध्ये शेतकरी पक्षाशी तडजोड झाली. शेतमालाच्या भावाला संरक्षण, त्याच्या बदल्यात बेकारांना काम. लोक तिला थट्टेने ‘गाईचा सौदा’ म्हणत. १९३८ मध्ये सॉल्टशोबाडेन येथे मालक-संघटना आणि कामगार-संघटना यांनी परस्पर करार केला. शेत आणि कारखाना एकाच मांडवाखाली आले.

१२/ भारतात मात्र हे मेज मांडणारे सरकारच परके होते. व्हिटली आयोगाने १९३१ च्या अहवालात कामगारांच्या आजारपण विम्याचा विचार सुचवला. पुढे दशकभर तो कागदावर राहिला. दुसऱ्या महायुद्धाच्या काळात त्याला गती आली. जुलै १९४२ मध्ये बाबासाहेब व्हाइसरॉयच्या कार्यकारी मंडळात मजूरमंत्री झाले. मार्च १९४३ मध्ये बी. पी. आडारकर या अर्थशास्त्रज्ञाकडे कामगारांच्या आरोग्य विम्याची योजना आखण्याचे काम सोपवले गेले.

१३/ आडारकर मूळचे चलन आणि व्याज यांच्या सिद्धांताचे अभ्यासक. १९३५ मध्ये त्यांचा चलननीतीवरील ग्रंथ प्रसिद्ध झाला होता. त्यांनी ऑगस्ट १९४४ मध्ये अहवाल दिला. विमा सक्तीचा असावा, वर्गणीवर चालावा, रचना सोपी असावी आणि जमाखर्चाचा मेळ बसावा, ही त्याची सूत्रे होती. आंतरराष्ट्रीय मजूर संघटनेच्या स्टॅक आणि राव या तज्ज्ञांनी त्याची तपासणी करून प्रसूतिलाभ आणि अपघात-भरपाई याच योजनेत गुंफण्याची सूचना केली. एप्रिल १९४८ मध्ये कायदा झाला. १९२८ चा प्रश्न असा वीस वर्षांनी मार्गी लागला: बाळंतपणाचा खर्च एका मालकाकडून सामायिक निधीकडे आला.

१४/ आता त्या दरवाज्याकडे पुन्हा पाहू. १९४८ चा कायदा विजेसारख्या यांत्रिक शक्तीवर चालणाऱ्या, वीस वा अधिक माणसे असलेल्या कारखान्यांना लागू होता. वेतनाची मर्यादा ४०० रुपये होती. आणि हंगामी कारखाने वगळलेले होते. त्या यादीत कापसाच्या जिनिंग-प्रेसिंगचे नाव स्पष्ट लिहिलेले आहे.

१५/ विदर्भासाठी या एका वाक्याचा अर्थ काय? कापूस पिकवणारा शेतकरी बाहेर. तो वेचणारी मजूर स्त्री बाहेर. त्याची सरकी काढणारा जिनिंगचा कामगार बाहेर. त्याच कापसाचे सूत एम्प्रेस मिलमध्ये कातणारा कामगार मात्र आत! एकाच बोंडाच्या प्रवासात शेवटच्या टप्प्यावरील माणूस तेवढा विमाधारक ठरला. पुढे कायद्याची व्याप्ती पुष्कळ वाढली, परंतु हंगामी कारखान्यांची ही वगळणूक २०२० च्या सामाजिक सुरक्षा संहितेतही कायम आहे.

१६/ याचा दोष आडारकरांना देणे अन्यायाचे होईल. बारमाही कारखान्यात नोंदवही असते, ठरलेला पगार असतो, म्हणून हप्ता कापता येतो. शेतमजुराकडे यांतले काहीच नव्हते, आणि सर्वांचा खर्च करातून भागवण्याइतकी कुवत व इच्छा त्या राज्याकडे नव्हती. जेथे सुरुवात शक्य होती, तेथे त्यांनी केली. प्रश्न सुरुवातीचा नाही. सत्तर वर्षांनंतरही दार किती उघडले, हा आहे.

१७/ योगायोग पाहा. नागपुरात योजना सुरू झाल्यानंतर पुढच्याच वर्षी, १९५५ मध्ये, आल्वा मिर्डाल स्वीडनच्या राजदूत म्हणून दिल्लीत आल्या. गुन्नार मिर्डाल यांनी दक्षिण आशियाचा दीर्घ अभ्यास करून १९६८ मध्ये ‘एशियन ड्रामा’ हा ग्रंथ प्रसिद्ध केला. त्यातील ‘मृदू राज्य’ ही कल्पना गाजली: कायदे भरपूर, परंतु ते पाळायला लावण्याची शिस्त नाही, असे राज्य.

१८/ ही कल्पना आज बुटीबोरीत पारखून पाहता येते. नियम चांगला आहे. दहा वा अधिक कामगार आणि २१,००० रुपयांपर्यंतचे वेतन असेल तर विमा लागू. कामगाराचा वाटा ०.७५ टक्के, मालकाचा ३.२५ टक्के. आजारपणात वर्षाला ९१ दिवसांपर्यंत ७० टक्के वेतन. प्रसूतीसाठी २६ आठवडे पूर्ण वेतन. ठेकेदाराने आणलेला कामगारही कक्षेत येतो, आणि त्याचा हप्ता भरण्याची पहिली जबाबदारी मूळ कारखानदाराची असते. पण ज्याचे नाव नोंदवहीत चढलेच नाही, त्याच्यासाठी हे सारे छापील कागद ठरते.

१९/ म्हणून स्वीडनकडे स्वर्ग म्हणून पाहू नये, आरसा म्हणून पाहावे. त्यांनी शेतकऱ्याला सोबत घेतल्यावाचून कामगाराचे कल्याण साधले नाही. आपण कारखान्याच्या फाटकापाशी रेघ ओढली आणि अजून ती पुरती पुसलेली नाही. २०२० च्या संहितेत घरपोच सेवा देणाऱ्या गिग कामगारांचा उल्लेख प्रथमच आला. रेघ थोडी सरकली, एवढाच त्याचा अर्थ.

२०/ तुमच्या घरी कोणाच्या पगारचिठ्ठीत ही कपात दिसत असेल, तर तिला ‘कापलेले पैसे’ म्हणण्यापूर्वी हा इतिहास आठवावा. तिच्यात नागपूरच्या गिरण्या आहेत, जोशी आणि आंबेडकर आहेत, आडारकरांचा हिशेब आहे. आणि ज्यांच्या हाती अशी चिठ्ठीच नाही, त्यांचा प्रश्न आपल्या पिढीच्या वाट्याला आला आहे.