अकोल्याचे बारा आणि अमरावतीचे बारा: वेळ घडवणारे कारागीर कोण होते?

वऱ्हाडात लग्न गोरज मुहूर्ताचं असेल तर पत्रिकेवर वेळ मिनिटापर्यंत छापलेली असते. समजा, सायंकाळी 6 वाजून 35 मिनिटं. त्या वेळी वरात अजून चौकात नाचत असते, ते सोडा. पण ही 35 मिनिटं नेमकी कोणत्या गावची? मुंबईची, अमरावतीची की आणखी कुठली? दीडशे वर्षांपूर्वी हा प्रश्न कुणाला पडला नसता, कारण गावाची वेळ गावातच तयार व्हायची.

काळ लांबवणाऱ्या आणि आखडणाऱ्या जादुई वस्तू बनवणारे कारागीर आपल्याला कादंबऱ्यांत आणि गेममध्ये भेटतात. आपल्याकडे हे काम तांबट करायचा. त्यात जादू अजिबात नव्हती.

एक वाटी, एक छिद्र

वस्तूचं नाव घटिकापात्र. तांब्याची अर्धगोल, पातळ वाटी आणि तिच्या तळाला एक बारीक छिद्र. पाण्याने भरलेल्या घंगाळात ही वाटी सोडायची. छिद्रातून पाणी आत चढत जातं, वाटी जड होते आणि बुडते. ती बुडली की एक घटका झाली, म्हणजे 24 मिनिटं. वाटी रिकामी करायची आणि पुन्हा सोडायची. एका अहोरात्रात ती साठ वेळा बुडली पाहिजे, असं सूर्यसिद्धान्तात सांगितलेलं आहे. एका घटकेची साठ पळं, आणि दोन घटका म्हणजे एक मुहूर्त, 48 मिनिटांचा.

आपण आजही ‘घटकाभर बस’ किंवा ‘पळभर थांब’ म्हणतो. एखाद्याची ‘घटका भरली’ असंही म्हणतो. हे सगळं या वाटीतूनच आलंय. मनगटावरच्या ‘घड्याळा’चं मूळही तिथेच.

खरी कसोटी त्या छिद्राची. वाटी ठोकून गोल करणं हे तांबटाचं रोजचं काम, पण छिद्र केसभर मोठं झालं तरी घटका आखूड होते. छिद्राचा व्यास फक्त पाच टक्क्यांनी वाढला, तर आत येणारं पाणी साधारण दहा टक्क्यांनी वाढतं आणि वाटी दोनेक मिनिटं आधी बुडते. दोन मिनिटांनी काय बिघडतं? तीस घटकांच्या रात्रीत हीच चूक तासाभरावर जाते. उलट छिद्रात कचरा अडकला की घटका लांबते. म्हणून पाणी स्वच्छ हवं, आणि वाटीशेजारी जागा राहणारा माणूस हवा.

लीलावतीची दंतकथा आठवते? भास्कराचार्यांच्या मुलीच्या लग्नाला एकच मुहूर्त होता. ती वाकून घटिकापात्रात बघत असताना दागिन्यातला मोती आत पडला आणि छिद्र बुजलं. वाटी बुडलीच नाही, मुहूर्त टळून गेला. फैजीने 1587 मध्ये ‘लीलावती’ फारसीत नेली, त्यात ही गोष्ट येते. ती इतिहास म्हणून घेऊ नये. पण ती रचणाऱ्याला हे यंत्र कुठे दगा देतं ते पक्कं ठाऊक होतं.

मग वेळ बदलली कुणी?

घटका मोजायची ती सूर्योदयापासून, आणि सूर्य सगळीकडे एकदम उगवत नाही. अमरावती अकोल्याच्या पूर्वेला आहे, त्यामुळे तिथली वेळ अकोल्याच्या सुमारे तीन मिनिटं पुढे. बैलगाडीने जाणाऱ्याला या तीन मिनिटांशी काही देणंघेणं नव्हतं.

रेल्वेला होतं. 1867 मध्ये गाडी भुसावळहून अकोला, बडनेरा करत नागपूरला पोहोचली. प्रत्येक स्टेशनची वेळ वेगळी ठेवली तर एकेरी रुळावर गाड्या समोरासमोर यायच्या. त्यामुळे 1870 च्या सुमारास देशभरच्या रेल्वेने मद्रासची वेळ धरली. मद्रास अकोल्याच्या साधारण तेरा मिनिटं पुढे. म्हणजे फलाटावर बारा वाजले तेव्हा गावात बाराला तेरा कमी. गावच्या वेळेवर विसंबलेल्याची गाडी चुकणारच.

1 जानेवारी 1906 पासून भारतीय प्रमाणवेळ आली. मुंबईने ती सहजी मानली नाही. नव्या वेळेवरून गिरणी कामगार खवळले, आणि प्रमाणवेळेच्या 39 मिनिटं मागे असलेली ‘मुंबई टाइम’ शहरात 1955 पर्यंत टिकली. वऱ्हाड मुंबई इलाख्यात नव्हता. 1853 पासून तो इंग्रजांच्या कारभाराखाली होता आणि 1903 मध्ये मध्य प्रांताला जोडला गेला होता. अकोल्याने प्रमाणवेळ घेतली म्हणजे घड्याळ सूर्यापेक्षा 22 मिनिटं पुढे नेलं, अमरावतीने 19. दुसऱ्या महायुद्धात, 1 सप्टेंबर 1942 ते 15 ऑक्टोबर 1945, देशभरची घड्याळं आणखी एक तास पुढे होती. त्या काळात अकोल्यात ऊन डोक्यावर यायला घड्याळात दीड वाजत आला असणार.

आता पत्रिकेकडे

गोरज मुहूर्त सूर्यास्ताला बांधलेला असतो. अमरावतीत सूर्य मुंबईच्या सुमारे वीस मिनिटं आधी मावळतो, ऋतूप्रमाणे थोडं कमीजास्त. त्यामुळे पंचांगात सूर्यास्त मुंबईचा दिलेला असेल आणि तोच जसाच्या तसा पत्रिकेवर उतरवला, तर अमरावतीच्या मांडवात ती वेळ होईपर्यंत सूर्य जाऊन वीस मिनिटं झालेली असतात. जाणते गुरुजी हा फरक काढूनच वेळ देतात. मोबाइलवर मुहूर्त शोधणाऱ्यांनी आधी ॲपमध्ये गाव कोणतं निवडलंय ते बघावं. बऱ्याचदा तिथे मुंबई किंवा दिल्ली असते.

काही लग्नांत घटिकापात्र अजूनही निघतं. त्याची पूजा होते, हळदकुंकू वाहिलं जातं, वाटी पाण्यात सोडली जाते. ती बुडाली की नाही हे मात्र कुणी बघत नाही. गुरुजींचं लक्ष मोबाइलवर असतं.