डोंगरउतारावरची धायटी

माघ पौर्णिमेला गोंदिया जिल्ह्याच्या सालेकसा तालुक्यात कचारगडची जत्रा भरते. ठिकठिकाणचे गोंड बांधव येतात. दरेकसा स्टेशनावर उतरायचे आणि गर्दीबरोबर डोंगराची वाट धरायची. त्याच वाटेवर मी धायटी पहिल्यांदा नीट पाहिली. तोवर ती डोळ्यांसमोर नव्हती असे नाही. पण पळस फुलला की नजर वर जाते आणि धायटी असते फार तर पुरुषभर उंच. शेजारून चालणाऱ्या एका आजींना नाव विचारले. त्या म्हणाल्या, धवई. छत्तीसगडची हद्द जवळच असल्याने तिकडचे नाव इकडेही चालते. धावडा मात्र वेगळा. तो मोठा वृक्ष, ही झुडूप. नावातल्या सारखेपणामुळे भलेभले फसतात.

मेंदी आणि डाळिंब धायटीच्याच कुळातली. फांद्या लांब, कमानीसारख्या खाली झुकलेल्या. हिवाळा सरता सरता पाने गळतात आणि उघड्या फांद्यांवर लाल नळीसारख्या फुलांचे झुबके लागतात. गंमत म्हणजे हा लाल रंग पाकळ्यांचा नसतो. पाकळ्या अगदी इवल्याशा. लाल असते ती बाहेरची निदलपुंजाची नळी. म्हणून फूल सरले तरी रंग टिकतो आणि त्या नळीच्या आतच बारीक बियांचे बोंड पिकते. दाट सावली हिला मानवत नाही. मुरमाड उतार आणि भरपूर ऊन असले की झाले. तोडली, वणव्यात होरपळली, तरी बुडख्यातून पुन्हा फुटते. गुरे हिच्या वाटेला फारशी जात नाहीत. ज्या टेकडीवर सगळे ओरबाडून झाले, तिथे मागे राहते ती धायटी.

आता तुम्ही म्हणाल, अशा झुडपाला कसला आला इतिहास? आहे, आणि तो बराच जुना आहे. चरकसंहितेत चौऱ्याऐंशी आसवांची गणना आहे. त्यांतली दहा फुलांची; त्या दहांत मोह आहे आणि धातकी म्हणजे आपली धायटीही आहे. मोहाच्या फुलाबद्दल विदर्भात कुणाला सांगायला नको, पण हिचे काम अधिक नाजूक. अशोकारिष्ट, दशमूलारिष्ट, कुमारी आसव यांच्या काढ्यात गूळ किंवा मध घालून वर वाळलेली धायटीची फुले टाकतात. फुलात मकरंद असतो आणि मकरंदावर यीस्ट पोसलेले असते. ते काढा आंबवते, त्यातून तयार होणारे थोडे मद्यार्क औषध टिकवते. यीस्ट कुणाला ठाऊक नव्हते तेव्हाही वैद्यांना फूल ठाऊक होते.

दुसरे गिऱ्हाईक रंगाऱ्यांचे. आलाच्या मुळांपासून कापडाला लाल रंग देताना धायटीची फुलेही वापरीत, कारण त्यांत टॅनिन भरपूर. 1868 साली जर्मनीत कृत्रिम अ‍ॅलिझरीन तयार झाले आणि पुढच्या काही दशकांत आलाचा धंदा बुडाला. त्याबरोबर धायटीची रंगाऱ्याकडची वाटही बंद झाली. वैद्याकडची तेवढी उरली.

पुढे जंगलाचा हिशेब बदलला. 1878च्या वन कायद्यानंतर सरकारी खात्याच्या नजरेत भरले ते साग आणि बांबू; झुडपे गेली किरकोळीत. हा मुलूख 1956 पर्यंत मध्य प्रदेशात, मग मुंबई राज्यात, 1960 पासून महाराष्ट्रात. 1 मे 1999 ला भंडाऱ्यातून गोंदिया जिल्हा निघाला. कचेऱ्या बदलल्या, तरी फूल वेचणाऱ्याचा त्या फुलावर हक्क कोणता, याचे स्पष्ट उत्तर यायला 2006चा वनहक्क कायदा उजाडावा लागला. गौण वनोपजाची मालकी त्याने वनात राहणाऱ्यांना दिली. नंतर केंद्राच्या हमीभावाच्या यादीत धवईफूलही आले. मला हे मोठे वाटते, पण त्यात एक मेख आहे.

मागणी फुलाला आहे आणि बी फुलाच्याच आत आहे. सगळी फुले ओरपली तर त्या झुडपाचे त्या वर्षीचे बी गेले. बुडखा फुटत राहतो, म्हणून डोंगर लाल दिसतो आणि आपली फसगत होते; जुनी खोडे तीच, नवे रोप मात्र नाही. घाईत फांदीच मोडून नेली तर पुढच्या वर्षीचा बहारही घटतो. यावर उपाय वेचणाऱ्यांच्याच हाती आहे: काही झुडपे तशीच सोडायची. पण ज्याला वजनावर पैसे मिळतात, त्याला ते परवडायला हवे. फूल वाळले की हलके होते. देठ-पाला मिसळलेला असला की व्यापारी भाव पाडतो, म्हणून बायका ते पुन्हा निवडत बसतात. दिवसभराच्या खुडण्यातून किती उरते ते पाहायचे असेल, तर मार्चमध्ये तिकडच्या एखाद्या अंगणातले वाळवण पाहा.