पोस्टरवरचे नाव आणि झाडीपट्टीचा नट

संगणकप्रणाली लिहिणाऱ्याने स्वतःच्या नावाचा ‘ब्रँड’ घडवावा आणि केलेल्या कामाचा ‘पोर्टफोलिओ’ जगापुढे ठेवावा, हा उपदेश आता चंद्रपूर-गडचिरोलीच्या विद्यार्थ्यांच्याही कानी पडतो. शब्द नवे आहेत. व्यवहार मात्र या भागाला नवा नाही, असे आम्हांस वाटते. त्यासाठी झाडीपट्टी रंगभूमीकडे पाहावे लागेल.

दंडार आणि खडी गंमत या जुन्या प्रकारांत कलावंत बहुधा गावाचाच असे. त्याच्या नावाची दवंडी पिटण्याचे कारण नव्हते. पुढे देसाईगंज, म्हणजे लोकांच्या तोंडचे वडसा, येथे नाटकमंडळ्यांची कार्यालये थाटली गेली आणि चित्र पालटले. धान घरात आले की दिवाळीपासून होळीच्या सुमारापर्यंतचा हंगाम. शंकरपट किंवा मंडईच्या निमित्ताने गावोगावी रात्रभर चालणारे नाटक. गावचे मंडळ वडशाला येऊन नाटक ठरवते, तेव्हा ते प्रयोग पाहत नाही, नावे पाहते. नटाला मोबदला प्रयोगागणिक. म्हणजे नाव हेच भांडवल. बाहेरून आणलेला मालिकेतला चेहरा पोस्टरवर ठळक छापतात खरा, पण ते उसने भांडवल.

याउलट कुरखेडा तालुक्यातील गुरनोलीचे परशुराम खुणे. २०२३ साली त्यांना पद्मश्री जाहीर झाली, तेव्हा पाच हजारांवर प्रयोग आणि सुमारे ८०० भूमिका असा त्यांच्या कामाचा हिशेब सांगितला गेला. पोर्टफोलिओ म्हणतात तो याहून निराळा काय असणार?

निराळे आहे ते एवढेच की हा पोर्टफोलिओ उघडून पाहता येत नाही. लिनस टॉरवाल्ड्स यांनी २००५ मध्ये रचलेल्या ‘गिट’ या प्रणालीत प्रत्येक बदलाबरोबर तो करणाऱ्याचे नाव आणि तारीख नोंदली जाते. २००८ पासून ‘गिटहब’मुळे अशा नोंदी लोकांसमोर मांडणे सोपे झाले. तिथे नावावर शंका आली तर काम तपासता येते. झाडीपट्टीत काम पाहिलेला प्रेक्षक हाच पुरावा, आणि प्रेक्षक म्हातारा होतो. अनेक संहिता छापल्याच गेल्या नाहीत. नटाची निदान आठवण उरते. नाटककाराच्या वाट्याला, संहिता हरवली की, नुसते शीर्षक येते. मग समीक्षक काय करतो? पोस्टर वाचतो, आणि मोठ्या अक्षरांतल्या नावांनाच इतिहास समजतो. मराठी रंगभूमीच्या आपल्या इतिहासलेखनात झाडीपट्टीला जे चार-दोन परिच्छेद मिळतात, त्यांचे एक कारण हेही आहे. पुण्या-मुंबईचा दुजाभाव हे दुसरे, पण सगळा दोष त्याच्या माथी मारणे सोयीचे आहे.

पदव्युत्तर वर्गांना दरवर्षी प्रकल्पासाठी विषय हवे असतात. एक नाटक घ्यावे, त्याचे प्रयोग कोणत्या गावी, कोणत्या तारखेला, कोणत्या संचात झाले ते लिहावे, आणि दर प्रयोगाला संहितेत काय गाळले, काय घातले, तेही. सुरुवात नटापासून करू नये. प्रॉम्प्टरच्या हातातली, पेन्सिलीच्या खुणांनी भरलेली वही आधी मागावी.