गावोगावी अतातुर्क : तुर्कस्तानातले पुतळे आणि त्यांना जपणारा कायदा

तुर्कस्तानातल्या कुठल्याही शहरात उतरा. मुख्य चौकात एक पुतळा असतोच. कधी घोड्यावर, कधी लष्करी वेशात, कधी कोट-पँटमध्ये. शाळेच्या पटांगणात त्याच माणसाचा अर्धपुतळा, सरकारी कचेरीच्या भिंतीवर त्याचीच तसबीर आणि खिशातल्या नोटेवरही त्याचाच चेहरा.

हा माणूस म्हणजे मुस्तफा केमाल अतातुर्क, आधुनिक तुर्कस्तानचा संस्थापक. आपल्याकडच्या जुन्या पुस्तकांत तो ‘केमाल पाशा’ या नावानं भेटतो.

एखाद्या देशानं आपल्या राष्ट्रपित्याचे पुतळे उभारणं यात नवल नाही. पण तुर्कस्तानची गोष्ट वेगळी आहे. ज्या समाजात चौकात माणसाचा पुतळा उभा करायची पद्धतच नव्हती, तिथं हे पुतळे आले. पुढं ते फोडले गेले, तेव्हा त्यांच्यासाठी खास कायदा झाला. आणि त्याच कायद्याची सावली एके दिवशी थेट यूट्यूबवर पडली.

अतातुर्क कोण होते?

जन्म १८८१ चा, सलोनिका शहरातला. हे शहर तेव्हा उस्मानी साम्राज्यात होतं, आज ते ग्रीसमध्ये आहे. पहिल्या महायुद्धात गॅलिपोलीच्या लढाईत सेनाधिकारी म्हणून त्यांचं नाव झालं. युद्धात साम्राज्य हरलं, विजेत्या राष्ट्रांनी त्याचे तुकडे पाडायला घेतले. तेव्हा मे १९१९ मध्ये केमाल इस्तंबूलहून बोटीनं काळ्या समुद्रावरच्या समसूनला पोचले आणि तिथून स्वातंत्र्ययुद्ध उभं राहिलं.

१९२२ मध्ये सुलतानपद गेलं. २९ ऑक्टोबर १९२३ ला प्रजासत्ताक जाहीर झालं. ३ मार्च १९२४ ला खिलाफतही रद्द झाली.

या शेवटच्या निर्णयाचा हादरा मुंबईपर्यंत पोचला होता. खलिफाचं पद टिकावं म्हणून भारतात मोठी खिलाफत चळवळ झाली होती आणि गांधीजींनी तिला पाठिंबा दिला होता. भायखळ्याचं खिलाफत हाऊस आजही त्या काळाची आठवण करून देतं. इथले लोक ज्या केमाल पाशाच्या विजयानं हरखले होते, त्यानंच खिलाफत मोडीत काढली.

१९३४ मध्ये आडनावांचा कायदा आला आणि संसदेनं त्यांना ‘अतातुर्क’, म्हणजे ‘तुर्कांचा पिता’, हे आडनाव दिलं. दुसऱ्या कुणालाही ते लावायची परवानगी नाही.

त्याआधी पुतळे नव्हतेच का?

चौकात, सगळ्यांच्या नजरेसमोर, नव्हते. इस्लामी परंपरेत माणसाची मूर्ती घडवण्याकडे संशयानं पाहिलं जाई. सुलतान अब्दुल अझीझनं १८७१ मध्ये एका इंग्रज शिल्पकाराकडून स्वतःचा अश्वारूढ पुतळा करवून घेतला होता, पण तो राहिला राजवाड्याच्या आत. १९११ मध्ये इस्तंबूलला ‘स्वातंत्र्य स्मारक’ उभं राहिलं, ते आकाशाकडे तोंड केलेल्या तोफेच्या आकाराचं. माणसाची आकृती त्यातही नाही.

जानेवारी १९२३ मध्ये, म्हणजे प्रजासत्ताक जाहीर होण्याच्याही आधी, बुर्सा शहरात लोकांशी बोलताना केमाल यांनी हा विषय घेतला. त्यांचं म्हणणं असं, की पैगंबरांच्या काळात मूर्तिपूजा मोडायची होती म्हणून बंधन आलं. आज दगडाचा पुतळा पाहून कुणी त्याची पूजा करू लागेल, असं मानणं हा मुसलमानांचाच अपमान आहे. चित्र आणि शिल्प टाळणारं राष्ट्र मागं पडतं, असंही त्यांनी सांगितलं.

थोडक्यात, पुतळा ही नुसती आठवण नव्हती. नवं राज्य कसं असणार, याची ती जाहीर घोषणा होती.

पहिला पुतळा : माणसाच्या आधी पोचलेला

३ ऑक्टोबर १९२६. इस्तंबूलच्या सरायबुर्नू या टोकावर अतातुर्क यांच्या पहिल्या पुतळ्याचं अनावरण झालं. शिल्पकार होता ऑस्ट्रियाचा हाइनरिश क्रिप्पेल. पुतळा कांस्याचा, साध्या पाश्चात्त्य पोशाखातला, कमरेवर हात ठेवून उभा. पाठ सुलतानांच्या टोपकापी राजवाड्याकडे आणि तोंड समुद्रापलीकडच्या अनातोलियाकडे. जागेचा अर्थ लोकांना वेगळा सांगावा लागला नाही.

गंमत म्हणजे खुद्द केमाल १९१९ मध्ये इस्तंबूल सोडून गेले, ते १ जुलै १९२७ पर्यंत तिथं परतलेच नव्हते. राजधानी अंकाराला गेली होती. म्हणजे जुन्या राजधानीत त्यांच्या आधी त्यांचा पुतळा पोचला.

घडवणारे परदेशी, पैसा लोकांचा

पहिल्या पिढीतली मोठी कामं प्रामुख्यानं दोन परदेशी शिल्पकारांच्या हातची आहेत. एक क्रिप्पेल, दुसरा इटलीचा पिएत्रो कानोनिका. स्मारकशिल्पाचा अनुभव देशात नव्हता, म्हणून तो बाहेरून आणला गेला.

• अंकारा, उलुस चौक (१९२७, क्रिप्पेल) : घोड्यावर केमाल आणि खाली सैनिक. त्यांच्यासोबत खांद्यावर तोफगोळा वाहून नेणारी एक खेडूत बाईही आहे. युद्धात रसद पोचवणाऱ्या अनातोलियाच्या बायकांना राजधानीच्या चौकात मिळालेली ही जागा.

• इस्तंबूल, तक्सीम चौक (१९२८, कानोनिका) : सुमारे ११ मीटर उंचीचं प्रजासत्ताक स्मारक, लोकवर्गणीतून झालेलं. एका बाजूला केमाल लष्करी वेशात, दुसऱ्या बाजूला नागरी पोशाखात. शेजारी इस्मत इनोनु आणि फेव्झी चाकमाक. मागं दोन सोव्हिएत अधिकारीही कोरलेत. ते वोरोशिलोव आणि फ्रुंझे असल्याचं मानलं जातं. स्वातंत्र्ययुद्धात मॉस्कोनं केलेल्या मदतीची ती पोच.

• समसून (१९३२, क्रिप्पेल) : मागच्या दोन पायांवर उभा राहिलेला घोडा आणि त्यावर केमाल. लढा जिथून सुरू झाला, त्या शहराची ही खूण.

• इझमीर (१९३२, कानोनिका) : घोड्यावरच्या केमाल यांचा हात समुद्राकडे. १९२२ मध्ये सैन्याला भूमध्य समुद्राच्या दिशेनं निघायचा जो आदेश दिला, तो क्षण.

हळूहळू तुर्की शिल्पकारही तयार झाले. १९३७ मध्ये जर्मन शिल्पकार रुडॉल्फ बेलिंग इस्तंबूलच्या कला अकादमीत शिल्पविभागाचा प्रमुख म्हणून आला आणि पुढची पिढी त्याच्या हाताखाली शिकली. सबिहा बेंग्युताश या तुर्कस्तानच्या पहिल्या महिला शिल्पकार. त्यांनी घडवलेला अतातुर्कांचा पुतळा अंकारात चांकाया इथं आहे.

अनितकबीर : चालायला लावणारं स्मारक

१० नोव्हेंबर १९३८ ला सकाळी ९ वाजून ५ मिनिटांनी इस्तंबूलच्या दोल्माबाहचे राजवाड्यात अतातुर्क गेले. वय ५७. पार्थिव अंकारातल्या वांशिक संग्रहालयात तात्पुरतं ठेवलं गेलं. हे ‘तात्पुरतं’ तब्बल १५ वर्षं चाललं.

समाधीसाठी आंतरराष्ट्रीय स्पर्धा झाली आणि एमिन ओनात व ओरहान आर्दा या तुर्की वास्तुविशारदांचा आराखडा निवडला गेला. १९४४ मध्ये काम सुरू झालं, १९५३ मध्ये संपलं आणि त्या वर्षीच्या १० नोव्हेंबरला पार्थिव तिथं आणलं गेलं.

या वास्तूत घुमट नाही, मिनार नाही. चौकोनी खांबांची ही इमारत कुठल्याही सुलतानाच्या कबरीसारखी दिसत नाही. तिच्याकडे नेणारा सिंहमार्ग २६२ मीटर लांब असून दोन्ही बाजूंना हित्ती शैलीतले २४ सिंह बसलेत. हित्ती म्हणजे इस्लामच्याच काय, तुर्कांच्याही कितीतरी आधी अनातोलियात नांदलेली संस्कृती. उस्मानी काळ ओलांडून या मातीच्या प्राचीन इतिहासाशी नातं जोडायचं, हा त्यामागचा विचार.

या मार्गावरच्या फरशांमध्ये मुद्दाम फटी ठेवल्यात. पायाखाली बघत, सावकाश चालावं लागतं. आपोआप मान खाली जाते.

आजही दर १० नोव्हेंबरला ९:०५ वाजता देशभर भोंगे वाजतात. रस्त्यावरच्या गाड्या थांबतात आणि लोक खाली उतरून स्तब्ध उभे राहतात.

रिकामा राहिलेला चौथरा

अतातुर्कांनंतर इस्मत इनोनु राष्ट्राध्यक्ष झाले. नोटांवर त्यांचा चेहरा आला. तक्सीमजवळ गेझी बागेत त्यांचा भव्य अश्वारूढ पुतळा बसवायचं ठरलं. चौथरा झाला, बेलिंगनं पुतळाही घडवला. पण १९५० च्या निवडणुकीत इनोनुंचा पक्ष हरला आणि पुतळा चौथऱ्यावर चढलाच नाही. शेवटी १९८२ मध्ये तो दुसऱ्याच एका बागेत उभा राहिला. नोटांवर पुन्हा अतातुर्क आले.

पदावर असताना स्वतःचे पुतळे उभे होणं केमाल यांनाही चाललं होतं. पण त्यांच्या मृत्यूनंतर ती जागा दुसऱ्या कुणालाच मिळाली नाही.

पुतळे फुटले आणि कायदा आला

१९५० मध्ये लोकशाही पक्ष सत्तेवर आला. धर्माबाबत त्याचं धोरण सैल होतं. १९३२ पासून तुर्की भाषेत दिली जाणारी अजान पुन्हा अरबीत द्यायला मुभा मिळाली. त्याच सुमारास तिजानी पंथाच्या लोकांनी ठिकठिकाणी अतातुर्कांचे पुतळे आणि अर्धपुतळे फोडायला सुरुवात केली. त्यांच्या लेखी या मूर्ती होत्या, आणि मूर्ती फोडणं हे धर्मकार्य.

सरकार कोंडीत सापडलं. धार्मिक मतदार आपला, पण प्रजासत्ताकाचा संस्थापकही आपलाच. अखेर २५ जुलै १९५१ ला संसदेनं ५८१६ क्रमांकाचा कायदा मंजूर केला. तो थोडक्यात असा :

• अतातुर्कांच्या स्मृतीचा जाहीर अपमान केल्यास १ ते ३ वर्षं कैद.
• त्यांचे पुतळे, अर्धपुतळे, स्मारकं किंवा समाधी फोडल्यास, विद्रूप केल्यास १ ते ५ वर्षं.
• दोन किंवा अधिक जणांनी मिळून, सार्वजनिक ठिकाणी किंवा वर्तमानपत्रांतून गुन्हा केल्यास शिक्षा दीडपट.
• कुणी तक्रार करायची गरज नाही, सरकारी वकील आपणहून खटला भरू शकतो.

म्हणजे आपल्याकडे ज्याला आपण पुतळ्याची विटंबना म्हणतो, तिच्यासाठी एकाच माणसापुरता स्वतंत्र कायदा. तेव्हाही संसदेत आक्षेप आला होता, की कायद्यापुढं सगळे समान असताना एका व्यक्तीसाठी वेगळा कायदा कसा? हा प्रश्न आजही मिटलेला नाही.

यूट्यूब का बंद पडलं होतं?

इंटरनेट आलं आणि १९५१ चा कायदा नव्या ठिकाणी लागू झाला. २००७ च्या इंटरनेट कायद्यात संकेतस्थळं बंद करण्याची जी कारणं दिली, त्यात अतातुर्कांविरुद्धचे गुन्हेही आहेत. काही व्हिडिओंमध्ये त्यांचा अपमान झाल्याचं सांगत न्यायालयानं मे २००८ मध्ये यूट्यूबवर बंदी घातली. ती ऑक्टोबर २०१० पर्यंत टिकली. मोजक्या व्हिडिओंसाठी अख्खं संकेतस्थळ जवळजवळ अडीच वर्षं बंद.

तीन विधी प्राध्यापक याविरुद्ध युरोपीय मानवाधिकार न्यायालयात गेले. डिसेंबर २०१५ मध्ये निकाल लागला : या बंदीनं अभिव्यक्तिस्वातंत्र्याचा भंग झाला.

इतके पुतळे कशासाठी?

संख्येची मोठी लाट आली ती १९८० च्या लष्करी उठावानंतर. १९८१ हे अतातुर्कांचं जन्मशताब्दी वर्ष. लष्करी राजवटीनं ते जोरात साजरं केलं आणि साच्यातून काढलेले पुतळे लहानसहान गावांतही पोचले. अनेकांचा चेहरा अतातुर्कांशी जुळतही नाही आणि त्यावर अधूनमधून थट्टाही होते.

मग आकार वाढले. इझमीरच्या बुजा भागात डोंगरउतारावर २००९ मध्ये ४० मीटरहून उंच काँक्रीटचा चेहरा उभा राहिला. ईशान्येकडच्या दामालमध्ये तर कुणी काही बांधलेलंच नाही. उन्हाळ्यात काही आठवडे, सूर्य कलला की एका टेकडीची सावली दुसऱ्या उतारावर अतातुर्कांच्या चेहऱ्यासारखी पडते आणि ती बघायला लोक जमतात.

आज या पुतळ्यांचा अर्थ काय?

तो कुणाला विचारता यावर आहे. धर्मनिरपेक्ष विचारांच्या अनेकांसाठी, विशेषतः बायकांसाठी, तो मिळालेल्या हक्कांची खूण आहे. सरकारवर रागावलेले लोक आज याच पुतळ्याभोवती जमतात. अनेक धार्मिक कुटुंबांना तो बंद झालेल्या मदरशांची आणि सक्तीच्या टोपीची आठवण देतो. कुर्दबहुल आग्नेय भागात तो पुष्कळदा अंकारातल्या सत्तेचा पहारेकरी वाटतो.

तक्सीम चौकात हा वाद डोळ्यांनी दिसतो. मध्ये कानोनिकाचं १९२८ चं स्मारक. एका बाजूला मे २०२१ मध्ये खुली झालेली मोठी मशीद. दुसऱ्या बाजूला पाडून नव्यानं बांधलेलं अतातुर्क सांस्कृतिक केंद्र, जे त्याच वर्षी प्रजासत्ताक दिनी, २९ ऑक्टोबरला, सुरू झालं. दोन्ही एकाच सरकारच्या काळातली. पुतळा हलवायचं धाडस कुणी केलेलं नाही. त्याच्या आजूबाजूला काय बांधायचं, यावर मात्र भांडण सुरूच आहे.

दिल्लीत केमाल अतातुर्क मार्ग आहे. पुढच्या वेळी त्या पाटीवरून नजर फिरली, तर ‘तुर्कांचा पिता’ हे आडनाव जगात एकाच माणसाला मिळालं होतं, हे आठवेल.