गळका नळ आणि चुन्याचा सांधा

श्रोतेहो, न्हाणीचे सांडपाणी बाहेर नेणारा नळ सांध्याशी पाझरू लागला, तर आपण काय करतो? खाली डबा ठेवतो आणि म्हणतो, पाहू पुढच्या बाजाराला. तोवर पाणी भिंतीच्या पायात उतरते. आपल्या बुलढाणा जिल्ह्यात मातीच्या भिंतींची घरे अजून आहेत. अशी भिंत वरचा पाऊस सोसते. पाया भिजला की मात्र खचते.

नळ पुष्कळदा सांध्यातच फुटतो, ही गोष्ट जुनी माणसे ओळखून होती. आपले सिंदखेडराजा हे जिजाऊंचे माहेर. त्यांचे वडील लखुजी जाधव यांच्याच काळात, जालन्यापलीकडे, मलिक अंबराने १६१० च्या सुमारास खडकी हे शहर वसविले. तेच आजचे छत्रपती संभाजीनगर. तिथे त्याने जमिनीखालून पाणी खेळविले. त्या कामात भाजक्या मातीचे, म्हणजे खापराचे नळ होते. ते नळ पिण्याच्या पाण्याचे, आपला सांडपाण्याचा. पण सांध्याचे दुखणे एकच. मलिक अंबर १६२६ साली वारला, तरी ते पाणी पुढे तीनशे वर्षांहून अधिक काळ चालले. याचे एक कारण असे, की आत उतरून पाहायला आणि गाळ काढायला वाटेत ठिकठिकाणी तोंडे ठेवली होती. नळ बांधतानाच दुरुस्तीचा विचार केलेला होता, बरं का!

त्या काळचा सांधा चुन्याचा. भाजलेली चुनखडी विझवायची, वाळू घालून बैलाच्या घाणीत मळायची. हा चुना हवेतला कर्बवायू घेऊन हळूहळू दगड होतो. ओलीच्या जागी त्यात विटांची भुकटी, म्हणजे सुरखी घालीत. मग तो पाण्यातही धरतो. केसाएवढी भेग तर चुना कधी कधी आपणच सांधतो. पुढे १८२४ साली इंग्लंडात पोर्टलंड सिमेंटचा हक्क नोंदला गेला, आणि कालांतराने घाणी थांबली.

आज आपल्या घरी बहुधा प्लॅस्टिकचा नळ असतो. उपाय सोपा आहे. आधी पाणी बंद करा. सांधा पुसून कोरडी राख लावा. जिथे राख काळवंडेल तिथे गळती. सांधा सुटत असेल तर दोन्ही तोंडे कोरडी करून काचकागदाने घासा, दोन्हींना नळाचा डिंक लावा, घट्ट बसवा, आणि एक दिवस पाणी सोडू नका. बारीक चीर असेल तर दोन भाग मळून लावायचा तयार लेप पुरतो. नळ सिमेंटचा असेल, तर सिमेंटच्या पातळ राबड्यात भिजविलेला ताग सांध्यात ठासा आणि वरून सिमेंटवाळूचा गिलावा द्या.

शिक्षक मित्रांनो, राखेची ही परीक्षा मुलांना शाळेच्या नळावर करून दाखवा. घरी जाऊन ती आपली न्हाणी तपासतील. थेंब आहे तोवर हातभर ताग पुरतो. भिंत खचल्यावर गवंडी लागतो.